थीराचे दोन आकडे

कोपनहेगनच्या वेशीवर, काचेच्या छपराखाली आमचे मूकपट तयार होत. मी व्हिलाड्स, कॅमेऱ्याचा दांडा फिरवणारा. तिथे माझ्यावर बोलण्याची वेळ क्वचितच येई, आणि ते मला मानवत असे.

पांगळ्या अनाथ मुलीच्या भूमिकेसाठी नऊ वर्षांची थीरा आली. कुबड्या तिच्या स्वतःच्याच होत्या. परक्यांचे कपडे धुणाऱ्या आईने तिचा एकुलता एक झगा खळ घालून, कडक इस्त्री करून दिला होता.

"अगं, गरीब दिसायला हवीस तू!" दिग्दर्शक कोफोड हसले आणि त्यांनी पेटीतला फाटका झगा तिच्या हाती दिला.

"आईला सांगू नका हं," ती माझ्या कानाशी कुजबुजली.

शेवटच्या दृश्यात कुबड्या टाकून तिला चार आकडे मोजेपर्यंत उभे राहायचे होते. सकाळपासून ती दोनापुढे टिकेना. प्रत्येक वेळी गवताच्या गादीवर कोसळे.

"पुरे झालं," कोफोड म्हणाले. "उद्या गेर्डाला उभी करू. चांगली धडधाकट पोर आहे. पाठमोरी घेतली की कुणाला कळतंय?"

थीरा रडली नाही. "पण आईने मला कुबड्यांशिवाय उभं कधी पाहिलंच नाही हो," एवढेच म्हणाली.

"साहेब, आणखी एकदा," मी म्हणालो. "मला दोन आकडे पुरतील."

"अरे वा, तुला वाचाही आहे तर!"

एरवी मी सेकंदाला दोन फेरे देई. दुप्पट वेगाने दिले आणि फिल्म नेहमीच्याच वेगाने दाखवली, तर पडद्यावर तोच क्षण दुप्पट लांबतो. मात्र उजेड भरपूर लागतो. ढग सरेपर्यंत मी थांबलो. ऊन काचेतून तिच्या केसांवर उतरले. तिने कुबड्या सोडल्या आणि मी दांडा गरगरा फिरवू लागलो.

"गिरणी चालवतोस का रे? फिल्म झाडाला लागते काय?"

"पडद्यावर बघा, साहेब." माझे मनगट ठणकत होते. थीरा कोसळली तेव्हाच मी थांबलो.

कोफोडनी ते दृश्य पडद्यावर पाहिले. गेर्डाला बोलावणे गेले नाही.

वसंतात थीरा आईला घेऊन चित्रपटगृहात आली. मी त्यांच्या मागच्या रांगेत बसलो. पडद्यावर कुबड्या पडल्या आणि त्या माउलीचा हात सवयीने थीराच्या काखेखाली गेला, खुर्चीतल्या लेकीला सावरू लागला.

"सोड गं आई," थीरा हळूच म्हणाली. "बघ, अजून उभी आहे मी."