आंबट ठरवलेलं दही

घरात आणि डेअरीत सगळे तिला धाकटीच म्हणत. डेअरीचा कारभार थोरल्या जाऊबाईंच्या हातात होता आणि परदेशी व्यापाऱ्यांशी बोलणी करायला धाकटीचा नवरा जायचा. त्या उन्हाळ्यात तो जिन्यावरून पडला, पाय प्लास्टरमध्ये गेला, आणि नेमका तेव्हाच समुद्रापलीकडच्या व्यापाऱ्याचा फोन आला. तुमचं दही आंबट निघालंय, कपांची झाकणं फुगलीत, अर्ध्या भावात द्या नाहीतर फेकून देतो.

"आंबट कसलं डोंबलाचं!" जाऊबाई कडाडल्या. "दुसऱ्या कुठल्या देशाचं स्वस्त दही तिकडच्या बाजारात उतरलंय. आपला सौदा झाला तेव्हा बाजार चढा होता, आता पडलाय. म्हणून त्याला आपलं दही आंबट लागतंय. कुणीतरी जाऊन माल डोळ्यांनी बघायला हवा."

'कुणीतरी' म्हणताना त्यांनी बघितलं ते धाकटीकडे. दह्याचा आंबटपणा तपासायचं काम डेअरीत तिच्याकडेच होतं. एकटी ती कधी परदेशात गेली नव्हती, पण नाही म्हणायची छाती नव्हती. लग्न होऊन आल्यापासून ती जाऊबाईंना टरकून होती. भाजीत मीठ जास्त पडलं तर ती नवऱ्याकडे नाही, आधी त्यांच्या चेहऱ्याकडे बघायची.

व्यापारी फार गोड बोलला. प्रवास कसा झाला विचारलं, सरबत पाजलं. मग गोदामात जाताना म्हणाला, "फोन आणि पर्स इथेच ठेवा. आत न्यायला परवानगी नाही." धाकटीला ते खटकलं, पण पाहुणी म्हणून गेलेल्या माणसाने पहिल्याच दिवशी हुज्जत काय घालायची? तिने तपासणीचं छोटं यंत्र तेवढं हातात घेतलं.

शीतगृहात तिच्याच डेअरीच्या नावाची खोकी छतापर्यंत रचलेली होती. गोदामवाला, एक धिप्पाड, अबोल माणूस, दाराशी उभा राहिला. धाकटीने वेगवेगळ्या खोक्यांतले कप काढले. झाकणं सपाट होती. यंत्रावरचा आकडा जसा हवा तसाच आला. तिने बोटाने चाखून बघितलं. गोडसर, घट्ट, घरच्यासारखं.

"माल उत्तम आहे," ती म्हणाली.

गोदामवाल्याने खांदे उडवले. "साहेबांना बोलावतो," म्हणाला आणि बाहेर गेला. त्याच्या मागे दार लागलं. मग दिवा गेला.

आधी तिला वाटलं, चुकून झालं असेल. अंधारात हात पुढे धरून ती दारापाशी आली. अशा दाराला आतून उघडायचा एक खटका असतो. डेअरीत नवा माणूस आला की ती स्वतः त्याला तो दाखवायची. तिने दार वरपासून खालपर्यंत चाचपलं. खटक्याच्या जागी नुसतं भोक होतं.

तिने दार बडवलं, हाका मारल्या. पंख्यांची घरघर एवढी मोठी होती, की तिला स्वतःचाच आवाज धड ऐकू येईना. दह्याच्या गोदामात पाणी गोठत नाही, एवढ्या थंडीत माणूस लगेच मरत नाही, हे तिला ठाऊक होतं. किती वेळाने मरतो, ते ठाऊक नव्हतं. अंगात पातळ सुती कपडे होते. तिने खोकी फोडून पुठ्ठे अंगाला गुंडाळले आणि कोपऱ्यात पाय पोटाशी घेऊन बसली. मी इथे आहे हे कुणाला माहीत आहे? नवऱ्याला वाटत असेल, बोलणी चाललीत. जाऊबाईंना वाटत असेल, ही बया अजून फोन कसा करत नाही. हळूहळू बोटं कळेनाशी झाली. दात एकमेकांवर आपटत होते आणि ती ते थांबवू शकत नव्हती.

दार उघडलं तेव्हा उजेडाने तिचे डोळे दिपले.

"अरेरे!" व्यापारी दारात उभा होता. "कडी अडकली. दार जुनं झालंय. घाबरला नाहीत ना?" त्याने आपला कोट तिच्या खांद्यांवर घातला. कोटाला अत्तराचा वास येत होता.

कचेरीत तिच्यासमोर गरम चहा आला आणि एक कागद आला. सगळा माल खराब निघाला, अर्धा भाव मंजूर, असं त्यावर छापलेलं होतं.

"सही झाली की आमची गाडी तुम्हाला हॉटेलवर सोडेल," तो मऊ आवाजात म्हणाला. "खात्री नसेल तर आत जाऊन पुन्हा एकदा नीट तपासा. आमची काही हरकत नाही."

गोदामवाला दाराला टेकून उभा होता.

"घरी विचारावं लागेल," ती कशीबशी म्हणाली.

व्यापाऱ्याने तिचाच फोन तिच्यापुढे सरकवला. "इथेच बोला. माझ्यासमोर." त्याला तिची भाषा येत नव्हती, पण त्याची नजर तिच्या चेहऱ्यावरून हलत नव्हती.

"ताई, माल चांगला आहे," ती म्हणाली. "पण हे अर्ध्या भावाला सही करा म्हणतायत." आता बोलणी बसणार म्हणून तिने डोळे मिटून घेतले.

"तुझा आवाज असा का येतोय?"

"थंडी वाजतेय."

"थंडी? या दिवसांत?" मग जाऊबाई हळू आवाजात म्हणाल्या, "तुला कोंडलं होतं का कुठे? हो की नाही, एवढंच सांग."

"हो."

"सही कर. आत्ताच्या आत्ता. एका शब्दाने वाद घालू नकोस. सही कर आणि चार माणसांत जाऊन बस."

"पण ताई, भाव—"

"खड्ड्यात गेला भाव! दही उद्याही लागेल. तू गेलीस तर दुसरी कुठून आणू मी?"

धाकटीने सही केली. बोटं वळत नव्हती, अक्षरं वेडीवाकडी आली. व्यापाऱ्याने ती बघून समाधानाने मान हलवली. तिने फोन आणि पर्स उचलली, गाडी नको म्हटलं आणि बाहेर पडली. रस्त्यात दिसलेल्या पहिल्या औषधाच्या दुकानात शिरून ती एका म्हातारीशेजारच्या बाकावर बसली. म्हातारीने तिच्याकडे बघितलं आणि काही न विचारता आपली शाल तिच्या मांडीवर टाकली. तेव्हा कुठे तिला रडू आलं.

हॉटेलच्या खोलीत तिने दाराला टेबल लावून ठेवलं, तरी जिन्यात पाऊल वाजलं की ती दचकून उठायची. दुसऱ्या दिवशी दारावर थाप पडली आणि बाहेरून आवाज आला, "अगं ए, मी आहे!" जाऊबाई मिळेल त्या विमानाने आल्या होत्या. पायात घरातल्याच चपला होत्या.

धाकटीला वाटलं, आता जाऊबाई व्यापाऱ्याच्या छाताडावर जाऊन बसणार. पोलिसांत जायचं का, तिने विचारलंही.

"काय सांगणार? तो म्हणेल कडी अडकली, आणि कागदावर तुझी सही आहे," जाऊबाई म्हणाल्या. त्यांनी तिची बोटं हातात घेऊन एकेक दाबून बघितली. "घरी चल आधी."

परतताना विमान धावपट्टीवर पळू लागलं, तसा जाऊबाईंनी धाकटीचा हात गच्च पकडला. डोळे घट्ट मिटलेले, कपाळावर घाम.

"ताई, काय होतंय?"

"काही नाही. येतानाही असंच झालं. मेलं हे यंत्र उडतं कशावर तेच मला कळत नाही." वर आकाशात विमान स्थिर झालं, तरी त्यांनी हात सोडला नाही.

घरी आल्यावर त्यांनी त्या व्यापाऱ्याला माल देणाऱ्या बाकीच्या डेअऱ्यांना फोन लावले. एका डेअरीच्या मालकाने सगळं ऐकून घेतलं आणि खालच्या आवाजात विचारलं, "कडी अडकली होती, असंच म्हणाला ना?" त्या मालकाचा भाऊ त्याच गोदामातून न्यूमोनिया घेऊन परतला होता, आणि भीतीपोटी घरातल्या कुणी तोंड उघडलं नव्हतं.

यावेळी मात्र जाऊबाई आणि तो मालक, दोघांनी मिळून सगळीकडे कळवलं. त्या हंगामात व्यापाऱ्याला कुठल्याच डेअरीने दही दिलं नाही. जाऊबाईंनी दुसऱ्या देशातलं गिऱ्हाईक शोधलं. त्याने पडलेल्या बाजाराप्रमाणे कमी भाव सांगितला, पण तो आधीच, उघडपणे सांगितला.

बोलणी पक्की करायला धाकटीने जावं असं ठरलं, तेव्हा तिला दरदरून घाम फुटला. पण या खेपेला तिने मान वर करून सांगितलं, "मी एकटी जाणार नाही. तुम्ही बरोबर चला."

जाऊबाईंनी विमान शोधून काढणाऱ्याच्या सात पिढ्यांचा उद्धार केला आणि बॅग भरायला घेतली.