दोरीबाहेरचं घर

टेकडीची माती अडवायला बांधायच्या भिंतीच्या जागी आज दोरी होती. इंजिनीअरनं ती नकाशाच्या मापानं कापून आणली होती. "मंजूर झालेल्या सामानात एवढीच भिंत होते. दोरी कशीही वळवा, फक्त ताणू नका," असं सांगून त्यानं ती फरशीवर ठेवली. मग त्याचा फोन वाजला. तो बोलत बोलत बाहेर गेला आणि बाहेरच राहिला.

वस्तीच्या या एकुलत्या एक पक्क्या खोलीत सकाळी बालवाडी भरायची आणि दुपारी मीटिंग. काळ्या फरशीवर लोकांनी उतारावरची सगळी वस्ती खडूनं काढली होती. वरच्या अंगाला खाणीनं पोखरलेली टेकडी, खालच्या अंगाला नाला, मध्ये घरं. प्रत्येक घरानं आपल्या नावाचं बाटलीचं एक झाकण नकाशावर ठेवलं होतं. शिंप्यानं मात्र रिकामं रीळ ठेवलं.

"झाकण का नाही आणलंस?" कुणीतरी विचारलं.

"झाकणासाठी आधी बाटली लागते. ती बायको घरात येऊ देत नाही."

हसणं झालं. संस्थेची ताई भिंतीला टेकून उभी होती, तीही हसली. या वस्तीत ती इतकी वर्षं येत होती, की तिच्यासमोर रांगणारी मुलं आता कामाला लागली होती. बोलणं हे तिचं काम नव्हतं. तिनं विचारायचं, उत्तर लोकांनी शोधायचं. खडू एकदा लोकांच्या हातात दिला की परत घ्यायचा नाही, हा तिचा नियम. तो पाळणं सोपं नव्हतं, कारण ती शिकली होती भूशास्त्र, आणि उतार, माती, पाणी यांच्याबद्दल तिला बरंच काही आधीच दिसायचं.

दोरी लावायचं काम मोठीनं घेतलं. मोठी म्हणजे वस्तीच्या मंडळाची अध्यक्ष. पहिल्या मीटिंगला पदराआडून बोलणारी ही बाई आता नगरपालिकेच्या साहेबाला खुर्चीतून उठवायची. तिनं गुडघ्यावर बसून टेकडीच्या बाजूनं दोरी सोडत नेली. शेवटच्या टोकाला ती या खोलीच्या खुणेला वळसा घालून संपली.

"झालं. बसली बरोबर," मोठी म्हणाली.

तेवढ्यात दारातून तिची धाकटी जाऊ आत आली. चप्पल बाहेर काढून, कुणाकडे न बघता ती नकाशापाशी गेली आणि दुसऱ्या टोकाला, दोरीबाहेर टेकडीच्या अंगाला, औषधाच्या बाटलीचं छोटं पांढरं झाकण ठेवून उभी राहिली. तोपर्यंत तिथं काहीच नव्हतं. तिचं घर नकाशावर काढायची कुणाला आठवणच झाली नव्हती, किंवा सगळ्यांना झाली होती.

काही वर्षांपूर्वी नगरपालिका वस्ती उठवायला आली, तेव्हा "एकही घर फुटणार नाही" ही घोषणा सगळ्यांनी घसा सुकेपर्यंत दिली होती. त्याच महिन्यात धाकटीचा नवरा गेला. तिनं नगरपालिकेच्या नव्या इमारतीतल्या खोलीची किल्ली घेतली आणि म्हाताऱ्या सासऱ्यांना घेऊन निघून गेली. तिथली लिफ्ट कधी सुरूच झाली नाही. सासरे एकदा वर चढले ते वर्षभर खाली उतरले नाहीत. शेवटी किल्ली परत करून ती जुन्या घरात आली. तेव्हापासून वस्ती तिला फुटकी म्हणायची.

"दोरी आमच्यापर्यंत येत नाही," धाकटी म्हणाली.

"दोरी तेवढीच आहे," मोठी म्हणाली.

"घराचं दार लागत नाही. सुताराकडून कितीदा तरी घासून घेतलं. पुन्हा अडकतंय."

ताईनं भिंतीचा टेका सोडला. कोरड्या दिवसांत लाकूड फुगत नाही. दार अडकतंय म्हणजे चौकट तिरकी होतेय, आणि चौकट तिरकी होतेय म्हणजे खालची जमीन सरकतेय.

"रात्री या खोलीत कोण झोपतं?" तिनं विचारलं.

"उंदीर," शिंपी म्हणाला. या वेळी कुणी हसलं नाही. प्रश्न कुठे चाललाय ते सगळ्यांच्या लक्षात आलं होतं. दोरी या टोकाला सोडली, तर त्या टोकाला पुरत होती. खोली बाहेर राहिली असती आणि घर आत आलं असतं.

मोठी उठून उभी राहिली. "ताई, या खोलीच्या विटा मी डोक्यावरून वाहिल्यात. खोली गेली तर मीटिंग कुठे घ्यायची? मीटिंग नसेल, तर पुढच्या वेळी उठवायला येतील तेव्हा अडवणार कोण? ही? हिनं तर पहिल्या हाकेला किल्ली घेतली."

"जाऊबाई, माझं सोडा. घरात बाबा आहेत."

"बाबांना मी घेऊन येते. ते माझेही सासरेच आहेत."

"आणि मी?"

"तुला किल्ली दिलीय ना नगरपालिकेनं."

"परत केली."

"मग माग पुन्हा."

शिंपी खाकरला. "पावसापुरतं वहिनींना या खोलीत झोपू द्यावं. सकाळी बालवाडी, रात्री त्या."

"आणि पाऊस संपल्यावर उठवायला तू येणार का?" मागून एक बाई म्हणाली. दुसरी म्हणाली, "आज हिला दिली, की उद्या सगळेच अंथरूण घेऊन येतील." शिंप्यानं हात वर करून माघार घेतली.

ताईनं नियम मोडायचं ठरवलं. "आज मी विचारत नाही, सांगते. त्या घराखालची जमीन सरकतेय. कधी सुटेल ते मला सांगता येणार नाही. पण सुटली तर ते घर राहणार नाही. ही खोली सपाटीवर आहे. भिंत नसली तरी कदाचित टिकेल."

लोकांनी नीट ऐकून घेतलं. कुणी वाद घातला नाही. तिच्यावर त्यांचा विश्वास होता, हे तिला त्यांच्या चेहऱ्यांवर दिसत होतं.

"ताईंनी माहिती दिली," मोठी शांतपणे म्हणाली. "आता मत घेऊ. डोळे मिटून."

ही पद्धत ताईनंच आणली होती. सुनांनी सासूकडे बघून हात वर करू नये, भाडेकरूनं घरमालकाकडे बघू नये, म्हणून सगळ्यांनी डोळे मिटायचे. डोळे फक्त ताईचे उघडे, आणि कुणाचा हात वर होता ते तिनं कधीच सांगायचं नाही.

"खोली भिंतीच्या आत हवी, त्यांनी हात वर करा," ताई म्हणाली.

हातच हात वर गेले. मोजायची गरज नव्हती. शिंप्याचाही होता, चांगला सरळ. धाकटी मंडळात नव्हती, तरी तिनंही डोळे घट्ट मिटले होते. तिचे हात मांडीवर होते.

मोठीचा हात खाली होता.

"घर आत हवं, त्यांनी."

एकच हात वर आला. बांगड्या वाजू नयेत म्हणून मोठीनं दुसऱ्या हातानं त्या कोपराकडे दाबून धरल्या होत्या.

खोलीत सगळे डोळे मिटून बसले होते. ताईनं "घर" म्हटलं असतं तरी खोटं कुणाला कळलं नसतं. बायकांनी एकमेकींवर संशय घेतला असता, एवढंच. आणि यापुढे ती "डोळे मिटा" म्हणाली असती, तेव्हा पापण्यांच्या फटीतून सगळ्यांनी पाहिलं असतं. घर मात्र वाचलं असतं. दोन्ही गोष्टी तिनं बाजूबाजूला ठेवून पाहिल्या. एक हात तेवढा वेळ तसाच वर राहिला.

"खोली," ती म्हणाली.

मोठीनं सगळ्यांच्या आधी डोळे उघडले. "लोकांचं म्हणणं आलं," ती म्हणाली, आणि वाकून दोरीच्या कडेनं खडूची जाड रेघ ओढू लागली. पांढरं झाकण तिनं हलवलं नाही. रेघ त्याच्या खालून गेली.

दुसऱ्या दिवशी ताई उतार चढून वर गेली तेव्हा सासऱ्यांना खुर्चीत बसवून खाली नेणं चाललं होतं. एका बाजूला शिंपी होता, दुसऱ्या बाजूला मोठीचा मुलगा. म्हातारा मान वळवून वळवून मागे बघत होता. "ती येतेय ना?" असं त्यानं दोनदा विचारलं. "येतील, येतील," शिंपी म्हणाला. ताईला पाहून त्यानं नजर खुर्चीच्या पायाकडे वळवली.

धाकटी घरात सासऱ्यांच्या अंथरुणाची घडी घालत होती. भिंतीत वरपासून खालपर्यंत बारीक चीर होती. ताईनं बोट लावून पाहिलं. नखाचं टोक आत गेलं.

"तुम्हीही जा त्यांच्याबरोबर," ताई म्हणाली. "जावेच्या दारात जाऊन उभ्या राहा. नाही म्हणणार नाही ती."

"तिच्या दारात?" धाकटी हसली. "काल सगळ्यात उंच हात तिचाच असेल."

ताईनं दुसरा नियमही मोडला. "नव्हता. घराच्या बाजूनं एकच हात होता. तो तिचा होता."

धाकटीनं घडी खाली ठेवली आणि ताईकडे बराच वेळ पाहिलं. त्या नजरेत राग नव्हता.

"ताई, तुमचं कामच आहे ते. माणसं जोडायची. पण असं नका बोलू. मी काय लहान आहे?"

"खरं सांगतेय."

"तिनं कसली बाजू घेतली ते मी कानांनी ऐकलंय. राहू द्या."

ताईनं पुन्हा पुन्हा सांगितलं असतं, तर प्रत्येक वेळी ते जास्त खोटं वाटलं असतं. धाकटीनं घडी उचलून दारापाशी ठेवली. खाली पोचवायची म्हणून. स्वतःचं अंथरूण तसंच कोपऱ्यात होतं.

"राहणारच असाल तर दार काढून ठेवा," ताई म्हणाली.

"का?"

"जमीन सुटली तर चौकट आवळेल. दार अडकेल. मग आतून उघडणार नाही."

धाकटीनं दाराकडे पाहिलं. मग आतून पक्कड आणली. वरची बिजागरी सुटली, खालची गंजली होती. ती ताईनं दगडानं ठोकून मोकळी केली. दोघींनी दोन्ही कडांना धरून दार उचललं आणि बाहेर भिंतीला टेकवून ठेवलं. ते अगदी हलकं होतं, इतक्या वेळा घासलेलं.