बाबांच्या थडग्यावरचा शब्द

बाबांच्या थडग्यावर दगड बसवला, तेव्हा मी रोमजवळच्या ओस्तिया या बंदरगावाच्या नगरसभेच्या निवडणुकीला उभा होतो. आम्ही सफिनिअस, बंदरावर धान्य मापणारे. बाबा मूळचे गुलाम. धन्याने मुक्त केलं आणि त्याचंच आडनाव लागलं. अशा माणसाच्या दगडावर 'अमक्याने मुक्त केलेला' असं कोरतात. मी पाथरवटाला म्हटलं, "ते गाळ. जन्माने स्वतंत्र माणसांच्या दगडावर असतं तसं 'अमक्याचा मुलगा' घाल." गुलामाच्या पोराला मत कोण देणार?

आईला अक्षरओळख नाही. तिने दगडावरून हात फिरवला.

"'मुक्त' लिहिलंस ना रे? त्या एका शब्दासाठी वीस वर्षं राबले ते. जाताना म्हणाले, तेवढं ठसठशीत कोरा. कुठंय? माझं बोट ठेव बघू त्यावर."

मी तिचं बोट धरलं आणि तळाशी, दगड उभारणाऱ्याच्या नावावर ठेवलं. म्हणजे माझ्याच.

निवडणूक मी हरलोच. आई दर फेब्रुवारीत, पितरांच्या दिवसांत येते, दारूत भिजवलेला पाव ठेवते आणि तेवढ्याच अक्षरांवरून हात फिरवत बसते. बाकी अक्षरांत भरलेला लाल रंग शाबूत आहे. माझ्या नावाचा तेवढा पुसून गेलाय.