रिकामी झोळी

२००३ सालच्या कुंभमेळ्याची गर्दी ओसरली आणि नाशिकच्या कॉलेज रोडवर शुभांगीला पहिल्या प्रदर्शनासाठी हॉल मिळाला. आईच्या जुन्या लुगड्यांची झोळी तिनं मधोमध टांगली आणि पंख्याची मोटर लावून ती आपोआप हलेल अशी सोय केली. मागच्या पडद्यावर शेवंतीचा हार गुंफणारे आईचे हात दिसायचे, टेपवर मळ्यातल्या पाटाचं पाणी वाजायचं. लहानपणी आई झोळीची दोरी पायाच्या अंगठ्याला बांधायची. हात हारात, पाय झोळीत. शुभांगी तशीच वाढली होती, तेच तिला मांडायचं होतं.

उद्घाटनाच्या आदल्या दिवशी आईनं, नवसाबाईनं, हे पाहिलं आणि तिचा चेहराच उतरला.

"शुभे, रिकामी झोळी हलवती? तान्हं लेकरू हाय तुझ्या घरात!"

"आई, मोटर आहे गं ती. कला आहे."

"असंल. लेकराला बाधतं ते. मी नाय यायची उद्या."

शुभांगीनं हसून सोडून दिलं खरं. पण सकाळी सहा महिन्यांच्या सृष्टीचं अंग कोमट लागलं. दात येताहेत, डॉक्टर म्हणाले. तरी एम. ए. झालेली शुभांगी दुपारभर लेकीच्या कपाळाला हात लावून बघत होती. आणि जिच्यासाठी हा सगळा घाट, तीच येणार नाही म्हणून जीव खालीवर.

संध्याकाळी माणसं जमली. भारतच्या कडेवर सृष्टीनं टाहो फोडला होता. नवऱ्याकडे धावावं की पाहुण्यांकडे बघावं, शुभांगीला कळेना. मधे ती झोळी आपली रिकामीच हलत होती. शुभांगी तरातरा गेली आणि तिनं मोटरची पिनच उपटली.

वळून बघते तो दारात आई, हातात पिशवी.

"येणार नव्हतीस ना?"

"नातीचं रडं पार रस्त्यावर ऐकू येतंय. द्या हो इकडं भारतराव." थांबलेल्या झोळीकडं तिनं पाहिलं. दोन्ही हातांनी ती खाली ओढली. "धरंल का?"

"धरेल. बटाट्याचं पोतं टांगून बघितलंय मी."

"रिकामीच ठेवायची व्हती, मग पोतं कशाला टांगलं?"

शुभांगी झोळीची वरची गाठ ओढून बघायला लागली.

नवसाबाईनं नातीला झोळीत घातलं, खाली बसकण मारली, दोरी अंगठ्याला बांधली आणि पिशवीतून शेवंती काढली. 'हात लावू नये' अशी पाटी दाखवायला हॉलचा माणूस पुढे आला. शुभांगीनं त्याला नजरेनंच थांबवलं. बघ्यांना वाटलं, हे असंच असणार.

आईनं मान वर करून पडद्याकडं पाहिलं. "लय हळू हात चालतोय बाईचा."

"आई," भारत कुजबुजला, "प्रदर्शन आठवडाभर आहे बरं का."

"मग आमची शेवंती तोडायला तुम्ही जा."

रडणं कधीच थांबलं होतं. कपाळ बघायला शुभांगी झोळीत वाकली, आणि हात तसाच मागे घेतला. झोप मोडली असती.