तिसऱ्या प्रकरणातला मोठा

माझ्या धाकट्या भावाच्या आयुष्यावर कादंबरी आली, आणि तिच्यात मी तिसऱ्या प्रकरणातच मेलो. नदीत बुडून. शाळेत जायच्या वयात.

लेखिकाबाईंचा आधी फोन आला होता. फार गोड बोलल्या. "नावं सगळी बदललीयत हं. काल्पनिकच आहे सगळं. फक्त तुमचं पात्र जरा... नायकाला लहानपणी एक मोठं दुःख हवं होतं हो. राग नाही ना आला?"

"मेलेल्या माणसाला कसला राग?" म्हटलं.

त्या हसल्या. मी हसलो नव्हतो, पण फोनवर कसं कळणार.

धाकटा म्हणजे कोण, हे सांगायची गरज नाही. त्याची पोस्टरं न्हाव्याच्या दुकानापासून रिक्षाच्या पाठीपर्यंत सगळीकडे होती. मी ज्या थिएटरात ऑपरेटर होतो, तिथेच त्याचे सगळे सिनेमे लागले. तो खाली पडद्यावर, मी वर केबिनमध्ये, मशीनपाशी, घामाघूम. तो दिसला की पब्लिक शिट्ट्या मारायचं, आणि रीळ तुटलं की मला आईबापावरून शिव्या घालायचं. आईबाप एकच आहेत हे त्यांना काय माहीत!

तो गेला तेव्हा मला रडू आलं नाही. पुढेही आलं नाही. हातपाय चालत होते, दूध आणत होतो, लाइटबिल भरत होतो. आत काही हलत नव्हतं. लोक म्हणाले, मोठा खंबीर आहे. खंबीर कसला, डोंबल. नुसता बधिर झालो होतो.

आई मात्र तेव्हापासून विसरायला लागली. आधी गॅस बंद करायला, मग वार, मग मला. एका सकाळी चहा दिला तर म्हणाली, "ठेवा तिथे. तुम्हाला उगाच त्रास." मला वाटलं थट्टा करतेय. जिने जन्मभर मला "अरे मेल्या" म्हटल्याशिवाय हाक मारली नाही, ती अहोजाहो करत होती! घरी येऊन आजाऱ्यांची सेवा करणारा कुणी भला माणूस, असं ती मला समजते. कौतुकही करते वर. "तुमचा हात फार हलका आहे हो." मला कौतुक नको होतं. तिने एकदा "अरे" म्हणावं, बस्स. दुसरं काहीही नको होतं.

धाकटा तेवढा तिला पक्का आठवत होता. दिवसभर एकच, "माझा धाकटा कुठाय?" त्याचा सिनेमा लावून दिला, तर शेवटी तो गोळी लागून पडतो आणि ही किंचाळते. म्हणून मग कादंबरी काढली. रोज दिवे लागायच्या वेळी तिच्या पलंगाशी खुर्ची ओढून वाचायला बसायचो, आणि ती गप्प ऐकायची.

तिसरं प्रकरण जवळ आलं. मी ते आधीच वाचून ठेवलं होतं. पोराला पाण्यातून बाहेर काढतात, आई ऊर बडवते, वगैरे. बरं लिहिलंय, बाईंचा हात चांगला आहे. पण माझ्याच तोंडाने आईला "तुझा मोठा बुडाला" हे वाचून दाखवायचं माझ्याच्याने होईना. मग जन्मभर जे केलं तेच केलं. रीळ फाटलं की फाटका तुकडा कापायचा, दोन टोकं जोडायची, मशीन सुरू. ब्लेडने पानं कापली आणि दुसऱ्या प्रकरणाच्या शेवटाला चौथं चिकटपट्टीने जोडलं. जोड असा साफ की माझा मलाच अभिमान वाटला.

चौथं प्रकरण सुरू केलं आणि थोड्याच वेळात आई उठून बसली.

"मोठा कुठे गेला?"

"अं?"

"काल दोघं बरोबर शाळेत चालले होते. आज हा एकटाच. मोठा कुठाय?"

तेव्हा कुठे माझ्या डोक्यात उजेड पडला. मरण कापलं म्हणून काय झालं? मेलेला माणूस पुढच्या पानांत असणार कुठून? थिएटरात जास्त कापलं गेलं की असंच व्हायचं, दारात उभा असलेला माणूस एकदम गायब, आणि पब्लिक बोंब मारायचं. एवढी वर्षं शिव्या खाऊन अक्कल आली नाही ती नाहीच.

"असेल इथेच," म्हटलं.

"इथेच म्हणजे कुठे? नीट वाचा."

मग नीट वाचायला लागलो. म्हणजे पदरचं घालायला लागलो. मला कुठे सुचतंय! "तेव्हा मोठा दुकानात गेला होता." "मोठा झोपला होता." धाकटा घरातून पळून जातो, केवढा प्रसंग, आणि मी वाचतोय, "मोठा सायकलमध्ये हवा भरत होता."

आई वैतागली. "हा मोठा अगदीच ढ दिसतोय. बघावं तेव्हा दुकानात!"

"आहेच तसा."

"पण स्वभावाने चांगला असणार."

"कशावरून?"

"एवढं होऊन तोंडातून शब्द काढत नाही ना."

मग माझी भीड चेपली. मोठा थिएटरात मशीन चालवतो, धाकट्याचा पहिला सिनेमा त्यानेच लावला, सगळं घातलं. वाचताना तिच्या तोंडाकडे बघत राहायचो. ती ऐकायची, मान हलवायची, आणि म्हणायची, "पाणी देता का जरा?"

असं करत शेवटचं प्रकरण आलं. खरं तर धाकटा कित्येक वर्षं घरी फिरकला नव्हता. गेला तोही हॉटेलच्या खोलीत, एकटाच. कादंबरीत मात्र तो आजारी पडून घरी येतो. एवढ्यासाठी लेखिकाबाईंना माझं मरणसुद्धा माफ. मी वाचलं, "आईने ताट वाढलं. धाकटा जेवायला बसला."

"आणि मोठा?" आई म्हणाली.

त्या दिवशी मला काही सुचेना. दमलो होतो. "मोठा नाही आला," म्हटलं.

"नाही कसा? येईल. शेवटचा खेळ सुटला की मशीन पुसतो, मगच निघतो तो. उशीर होतोच. त्याचं ताट झाकून ठेवायचं, वर थाळी पालथी घालून. नाहीतर मांजर तोंड घालतं. लिहिलं नाहीये का तिथे?"

नव्हतं लिहिलं. मीही ते कधी पदरचं घातलं नव्हतं. ते मांजर मरूनसुद्धा जमाना झाला.

"लिहिलंय," म्हटलं.

"मग वाचा ना."

मी पुस्तक मिटलं. स्वयंपाकघरात जाऊन ताट वाढलं, वर थाळी पालथी घातली. चपला घातल्या, बाहेर पडलो आणि दार ओढून घेतलं. दाराकडे तोंड करून उभा होतो, तेवढ्यात जिन्यात शेजारी भेटले. "काय, विसरलात काही?" म्हणाले. "हो," म्हटलं. ते वर गेल्यावर मी कडी वाजवली आणि आत आलो.

आईने मान वळवली.

"आलास? किती रे उशीर, मेल्या! हात धू आधी."

मोरीत जाऊन मी नळ सोडला आणि रडलो. धाकट्यासाठी की आणखी कुणासाठी, मला माहीत नाही.

"आणि ऐक," ती आतून म्हणाली. "ते वाचायला येतात ना, त्यांनाही वाढ. रोज घसा कोरडा करतात बिचारे. त्यांना घरी कुणी नसावं."

मी दुसरं ताट घेतलं. आधी माझं जेवलो, मग त्यांचं.