पाठमोरी आई

माझ्या थोरल्या भावाने मरणानंतरच्या प्रवासावर छोटी फिल्म करायला घेतली आणि मेलेल्या बाईचं काम आईच्याच गळ्यात घातलं. लांबलचक बोळातून तिने उजेडाकडे चालत जायचं, एवढंच. पण आई दर वेळी मागे वळायची.

“मेलेली माणसं वळत नाहीत गं!” दादा वैतागला.

“तू कधी मेला होतास रे, तुला ठाऊक असायला?” आई म्हणाली.

सगळे खो खो हसले. पाचव्या वेळी मात्र ती सरळ चालत गेली.

दोनच महिन्यांत आई खरोखर गेली. फिल्म पहिल्यांदा दाखवली तेव्हा पडद्यावर आई पाठमोरी निघताच दादा उठून बाहेर गेला. मी मागोमाग गेले. तो पायरीवर बसला होता.

“पोचली का गं?” त्याने विचारलं.

मी नुसती त्याला खेटून बसले.