साहेबांच्या खोलीत त्या दुपारी कोण होतं

मी एक जुना सरकारी बंगला आहे, मित्रांनो. हल्ली मला स्मारक म्हणतात.

अकोल्यात काळ्या दगडांनी मला बांधलं, तेव्हा माझ्यात इंग्रज अधिकारी राहत. पुढे वऱ्हाडातलेच एक नेते दिल्लीत मोठ्या पदावर गेले आणि मी त्यांचं अकोल्यातलं सरकारी निवासस्थान झालो. ते आले की व्हरांड्यात उभं राहायला जागा नसे. किसनराव माझी बाग राखत आणि त्यांची बायको माणिकबाई खोल्या झाडून-पुसून लख्ख ठेवी. मागच्या दोन खोल्यांत त्यांचा संसार होता.

मग साहेबांचं पद गेलं. सरकारने त्यांना माझ्यातच राहू दिलं, पण फाटकाशी मोटारी थांबेनाशा झाल्या. साहेब अंथरुणाला खिळले. मुलं दिल्लीत होती. वैशाखातल्या एका दुपारी नर्स जेवायला गेली असताना त्यांनी हाक मारली.

"माणिकबाई, जवळ बसा. मले भेव वाटून राहिलं."

माणिकबाईने त्यांचा हात हातात घेतला. "मी हाये नं, साहेब. कुठीच जात नाई."

तासाभरात साहेब गेले. हात तिच्याच हातात होता.

माझं स्मारक झालं. मला रंग दिला, पलंगाभोवती दोरी बांधली. मागच्या खोल्या पाडल्या, तेव्हा किसनराव-माणिकबाई मोर्णा नदीपलीकडे जुन्या शहरात राहायला गेले. पलंगाशेजारी पाटी लागली : 'आप्तेष्ट व सहकाऱ्यांच्या सान्निध्यात येथे साहेबांची प्राणज्योत मालवली.'

गेल्या वर्षी माणिकबाई नातीला, हर्षाला, घेऊन आली. हर्षाने पाटी मोठ्याने वाचली आणि ती चिडलीच.

"हे तं खोटं हाये, आजी! तू कावून बोलत नाई?"

तिने व्यवस्थापकांना बोलावून सगळं सांगितलं. ते भले गृहस्थ होते. त्यांनी विचारलं, "आजी, काही कागद आहे का? एखादा फोटो?"

"कागद कायचा, बापू?" माणिकबाई म्हणाली. "हात होता."

कागदाशिवाय त्यांना पाटी बदलता येईना. पाटी तशीच राहिली.

मित्रांनो, साक्षीला मी होतो. पण दगडाला कोण विचारतं?

या दिवाळीनंतर हर्षा एकटीच आली. आजी गेल्याचं तिने चौकीदाराला सांगितलं आणि पाटी पुन्हा एकदा वाचली. आता ती दुपार पाहिलेलं एकही माणूस उरलं नाही.

माझ्या भिंतींना दरवर्षी रंग मिळतो, त्याबद्दल माझी तक्रार नाही. फक्त एवढं करा, बाळांनो. कुणाच्याही नावाची पाटी लिहायला घ्याल, तेव्हा घाई करू नका. शेवटी जवळ कोण बसलं होतं, ते आधी विचारा. आणि ते माणूस सांगायला असेपर्यंतच विचारा.